माझ्या संघाचा सामना कुठे लागतो?

२००७-०८ मध्ये शिक्षणाच्या निमित्ताने मी बर्मिंगहॅममध्ये वर्षभर राहिलो. माझ्या खोलीपासून विटन स्थानक चालत दहा मिनिटांवर होते आणि त्या स्थानकापासून व्हिला पार्क हे फुटबॉलचे मैदान हाकेच्या अंतरावर आहे. एवढ्या एका भौगोलिक कारणावरून मी तिथल्या ॲस्टन व्हिला या फुटबॉल संघाचा झालो. २० एप्रिल २००८ रोजी व्हिलाने गावातल्याच बर्मिंगहॅम सिटीला ५-१ असे हरवले, तेव्हा मी मैदानात होतो, आणि त्या दिवसानंतर दुसरा संघ निवडण्याचा प्रश्नच उरला नाही. शिक्षण संपवून पुण्याला परतल्यावर कर्वेनगरच्या घरी बॅगा उघडण्याच्या आधी मी केबलवाल्याला फोन करून विचारले, की व्हिलाचे सामने कोणत्या चॅनेलवर लागतात. तो क्षणभर थांबला आणि म्हणाला, "सर, ही मालिका इंग्रजी आहे का?"

तेव्हा मला त्याचे हसू आले होते, परंतु चूक माझ्या प्रश्नातच होती, हे उमगायला पुढे बरीच वर्षे गेली. "माझा संघ कोणत्या चॅनेलवर दिसतो?" या प्रश्नाला उत्तर नसते, कारण दूरचित्रवाणीच्या बाजारात संघ विकला जात नाही, स्पर्धा विकली जाते. कोकणात आंब्याची बाग मोहोरावर असताना व्यापाऱ्याला दिली जाते, तेव्हा सौदा बागेचा होतो. तुम्हाला त्यातले विहिरीजवळचे एकच झाड आवडते, याच्याशी व्यापाऱ्याला कर्तव्य नसते. प्रक्षेपणाच्या हक्कांचेही तसेच आहे. स्पर्धा भरवणारी संस्था आपले हक्क देशागणिक किंवा प्रदेशागणिक विकते, बहुतेक वेळा तीन वर्षांच्या बोलीने, आणि जो घेतो त्याच्या वाहिन्यांवर व ॲपवर ती संपूर्ण स्पर्धा जाते. एखादा संघ एका हंगामात चार स्पर्धा खेळत असेल, तर त्याचे सामने चार वेगवेगळ्या दुकानांत असू शकतात, आणि ते दुकान शोधण्याआधी आज आपला संघ कोणती स्पर्धा खेळतो आहे, हे माहीत असावे लागते.

पहिली काही वर्षे मला हे कळण्याची गरजच पडली नाही. व्हिला प्रीमियर लीगमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या सर्वांत वरच्या विभागात होता, युरोपातल्या स्पर्धांत फारसा जात नव्हता, आणि भारतात प्रीमियर लीग आधी ईएसपीएन-स्टारच्या आणि नंतर स्टार स्पोर्ट्सच्या वाहिन्यांवर दिसत असे. केबलची एक तार घरात येत होती, महिन्याला ठरावीक पैसे दिले की त्या तारेतून जे येईल ते सगळे आपले होते. अर्थात मँचेस्टर, लिव्हरपूल किंवा आर्सेनल यांचा सामना असला की आमचा सामना मागे पडे, ही तक्रार होती; पण ती आमच्या संघाच्या कर्तबगारीबद्दलची तक्रार होती, केबलबद्दलची नव्हे.

मग २०१६ मध्ये व्हिला प्रीमियर लीगमधून खाली घसरला. खालच्या विभागात गेलेल्या संघाच्या चाहत्याचे दुःख फक्त गुणतक्त्यातले नसते. त्याचा संघ घरातूनच नाहीसा होतो. वरच्या बागेचा सौदा करणारा व्यापारी खालच्या बागेचा सौदा करतोच असे नाही. माझ्या रिमोटवर त्या तीन वर्षांत इतर सगळे होते, फक्त व्हिला नव्हता. शनिवारी संध्याकाळी मी क्लबच्या संकेतस्थळावर मिनिटामिनिटाला येणारे लेखी वर्णन वाचत बसे. २७ मे २०१९ रोजी वेम्ब्लीवर डर्बी काउंटीला २-१ असे हरवून आम्ही वर आलो, तो सामनाही मी असाच वाचला. हाताशी असलेल्या फोनवर "गोल" हा शब्द उमटतो, आणि मग तो आपला की त्यांचा हे कळेपर्यंत जी दोन-तीन सेकंदे जातात, त्यांत माणसाचे वय वाढते, असे माझे मत आहे.

त्याच वर्षी पुण्यातल्या फुटबॉलप्रेमींचाही एक आधार गेला, हे इथेच सांगून टाकतो. २०१४ पासून बालेवाडीच्या क्रीडासंकुलात खेळणारा एफसी पुणे सिटी हा इंडियन सुपर लीगमधला संघ २०१९ मध्ये बंद पडला आणि त्याची जागा हैदराबादने घेतली. त्याच्या आधी पुणे एफसी नावाचा संघ होता, जो २०१२-१३ च्या आय-लीगमध्ये दुसरा आला होता. तोही आता नाही. बालेवाडीला बसने जाऊन तिकीट काढून सामना बघणे ही गोष्ट दूरचित्रवाणीपेक्षा किती सोपी होती, हे ती गेल्यावर समजले.

याच २०१९ च्या फेब्रुवारीत दूरसंचार नियामक प्राधिकरणाची, म्हणजे ट्रायची, नवी दरप्रणाली घरोघरी पोहोचली. त्याआधी ३१ मार्च २०१३ पर्यंत पुण्यासह ३८ शहरांत सेट-टॉप बॉक्स सक्तीचा झाला होता, परंतु बॉक्स आला तरी सगळे चॅनेल एकगठ्ठा येण्याची सवय काही मोडली नव्हती. २०१९ मध्ये ती मोडली. १०० वाहिन्यांपर्यंत जास्तीत जास्त १३० रुपये आणि त्यावर १८ टक्के कर, म्हणजे १५३ रुपये ४० पैसे, एवढे नुसते जोडणीचे. त्यानंतर प्रत्येक सशुल्क वाहिनीचे पैसे वेगळे. वाहिनी सुटी घ्या किंवा पॅकमध्ये घ्या, निवड तुमची. ग्राहकाच्या हाती निवड आली ही गोष्ट कागदावर उत्तम होती. व्यवहारात मात्र कोणती वाहिनी निवडायची हे कळण्यासाठी कोणती स्पर्धा कोणाकडे आहे, हे माहीत असणे ग्राहकाच्याच गळ्यात पडले. आमच्या केबलवाल्याने मला मराठी मालिकांचे, बातम्यांचे आणि क्रिकेटचे मिळून एक पॅक लावून दिले आणि "स्पोर्ट्स आहे यात सर," असे सांगितले. त्यात स्पोर्ट्स होतेच. पण एकाच कंपनीच्या पाच-सहा क्रीडावाहिन्या असतात, त्यांपैकी क्रिकेट एकीवर आणि परदेशी फुटबॉल दुसरीवर असते, आणि माझ्या पॅकमध्ये नेमकी ती दुसरी नव्हती. स्टार स्पोर्ट्सच्या "सिलेक्ट" या नावाच्या वाहिन्या वेगळ्या असतात हे मला तेव्हा कळले. तुम्ही आज हे शोधत असाल तर माझा आग्रह एवढाच आहे, की "स्पोर्ट्स पॅक द्या" असे म्हणू नका. वाहिनीचे पूर्ण नाव, त्यातल्या आकड्यासकट, कागदावर लिहून त्याच्या हातात द्या.

सर्वांत मोठी परीक्षा २०२४-२५ च्या हंगामात झाली. प्रशिक्षक उनाई एमरी यांच्या हाताखाली व्हिला आदल्या हंगामात चौथा आला होता, त्यामुळे संघ चॅम्पियन्स लीगला, म्हणजे युरोपातल्या अव्वल संघांच्या स्पर्धेला, पात्र ठरला. ज्या संघाने १९८२ मध्ये रॉटरडॅमला जर्मनीच्या बायर्न म्युनिकला १-० असे हरवून युरोपियन कप (याच स्पर्धेचे जुने नाव) जिंकला होता, तो त्यानंतर चार दशकांनी त्या पंक्तीला पुन्हा बसणार होता, आणि मी मात्र कुठली वाहिनी लावायची याच्या चिंतेत होतो. त्या हंगामाचा हिशोब असा होता. प्रीमियर लीग स्टार स्पोर्ट्सवर आणि हॉटस्टारवर. चॅम्पियन्स लीग आणि इंग्लंडमधली बाद पद्धतीची एफए कप ही स्पर्धा सोनी स्पोर्ट्सच्या टेन वाहिन्यांवर आणि सोनी लिव्हवर. लीग कप ही तिथलीच दुसरी बाद स्पर्धा फॅनकोड या ॲपवर, म्हणजे त्याला वाहिनीच नाही. इतके कमी वाटले म्हणून की काय, फेब्रुवारी २०२५ मध्ये हंगामाच्या मध्यावर हॉटस्टार आणि जिओसिनेमा एक होऊन जिओहॉटस्टार झाले, आणि टीव्हीवरच्या ॲपचे चिन्ह बदलल्यामुळे आईला तिची मालिका दोन दिवस सापडली नाही.

खर्चाचे म्हणाल तर तीन ठिकाणी पैसे भरण्यापूर्वी मी हंगामाचे वेळापत्रक समोर ठेवले. लीगचे ३८ सामने, युरोपातले निदान ८, आणि दोन्ही कपांत किती काळ टिकू ते देव जाणे. लीगसाठी वर्षभराचे पैसे भरणे योग्य होते. कपांसाठी मात्र फेरी जवळ आल्यावर थोड्या मुदतीचे पैसे भरावेत, असे मी ठरवले, आणि तो निर्णय बरोबर निघाला, कारण लीग कपात आम्ही चौथ्या फेरीतच क्रिस्टल पॅलेसकडून हरलो. एफए कपात उपांत्य फेरीपर्यंत गेलो आणि तिथेही क्रिस्टल पॅलेसच भेटले. आणखी एक गोष्ट मी शिकलो, ती म्हणजे ॲपचे पैसे भरताना ते पॅक फक्त मोबाइलवर चालणारे आहे की टीव्हीवरही, हे आधी वाचावे. स्वस्तातले पॅक बहुधा मोबाइलपुरतेच असते, आणि हे आपल्याला सामना सुरू व्हायला पाच मिनिटे असताना कळते.

भाच्याने या सगळ्यावर एक सोपा उपाय सुचवला होता. तो दर सामन्याला कुठल्यातरी फुकट लिंका पाठवत असे. एकदा मी त्यातली एक उघडून पाहिली. चार जाहिराती बंद केल्यावर पाचवी उघडली, ती आईसमोर उघडण्यासारखी नव्हती, आणि त्यानंतर मी तो मार्ग सोडला. त्यात चोरीचा माल आहे हे तर आहेच.

शेजारच्या इमारतीतले एक निवृत्त काका मला अजूनही सांगतात, की सरकारने कायदा केला आहे आणि सगळे मोठे सामने दूरदर्शनला फुकट दाखवावेच लागतात. ते अर्धे बरोबर आहेत. २००७ च्या कायद्यानुसार राष्ट्रीय महत्त्वाच्या ठरवलेल्या स्पर्धांचे प्रक्षेपण हक्क घेणाऱ्याला प्रसारभारतीशी वाटून घ्यावे लागते, आणि त्यात विश्वचषकातले महत्त्वाचे फुटबॉल सामने येतात. परंतु व्हिला विरुद्ध बोर्नमथ हा सामना राष्ट्रीय महत्त्वाचा आहे असे भारत सरकारला अद्याप वाटलेले नाही. शिवाय २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की असे वाटून घेतलेले प्रक्षेपण दूरदर्शनने स्वतःच्या मनोऱ्यावरून आणि डीडी फ्री डिशवरून दाखवावे, खासगी केबलवाल्यांना देऊ नये. त्यामुळे केबलवर दूरदर्शनची क्रीडावाहिनी लावून बसलेल्या माणसाला ऐन सामन्याच्या वेळी दुसराच कार्यक्रम दिसू शकतो. काकांना हे दोनदा समजावले. ते म्हणतात, सिंहगडावर मनोरा आहे की.

वाहिनी सापडली तरी वेळ सापडावी लागते, आणि माझ्या अनुभवात सामने चुकतात ते बहुतेक वेळेपायी. भारताचे घड्याळ वर्षभर एकच असते, इंग्लंडचे नसते. मार्चच्या शेवटच्या रविवारी ते एक तास पुढे जाते आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मागे येते. त्यामुळे उन्हाळ्यात आपल्यात आणि त्यांच्यात साडेचार तासांचे अंतर असते व हिवाळ्यात साडेपाच तासांचे. तिथे शनिवारी दुपारी तीनला सुरू होणारा सामना ऑगस्टमध्ये आपल्याकडे साडेसातला आणि डिसेंबरमध्ये साडेआठला लागतो. रात्री आठचा सामना आपल्याकडे साडेबाराला किंवा दीडला. याच तीन वाजताच्या सामन्यांबाबत एक गंमत आहे. इंग्लंडमध्ये शनिवारी पावणेतीन ते सव्वापाच या वेळेत कोणताही फुटबॉल सामना थेट दाखवत नाहीत, कारण लोकांनी घरी बसण्याऐवजी आपापल्या गावातल्या मैदानावर जावे, असा अनेक दशकांचा दंडक आहे. म्हणजे व्हिला पार्कपासून दोन गल्ल्यांवर राहणाऱ्या माणसाला तिकीट मिळाले नाही, तर तो सामना टीव्हीवर दिसत नाही, आणि कर्वेनगरात तो पोहे खात बघता येतो. विटनला माझ्या शेजारच्या खोलीत राहणाऱ्या मित्राला मी हे कळवले, तेव्हा त्याने उत्तर दिले नाही.

मध्यरात्रीनंतरच्या सामन्यांत मात्र तारखेचा घोटाळा होतो, आणि तो माझ्याकडून झाला. बायर्न म्युनिकशी सामना २ ऑक्टोबर २०२४ रोजी होता. आपल्याकडची वेळ रात्री साडेबारा. दोन ऑक्टोबरला गांधीजयंतीची सुट्टी होती, म्हणून आदल्या रात्री, म्हणजे एक तारखेला, मी निर्धास्तपणे जागत बसलो, सोनीची वाहिनी लावली, आणि पडद्यावर आर्सेनल विरुद्ध पॅरिस सेंट जर्मेन हा सामना सुरू झाला. १५ मिनिटे मी कुठे चुकलो याचा विचार करत होतो. "दोन तारीख, साडेबारा" हे मी आपल्या घड्याळाने घेतले होते. प्रत्यक्षात तारीख इंग्लंडची होती आणि आपल्याकडे तेव्हा तीन तारीख लागलेली असणार होती. सेट-टॉप बॉक्सच्या कार्यक्रमपत्रिकेत ते गुरुवार, ००:३० असे लिहिलेले होते. मी ते वाचलेच नव्हते. आर्सेनल २-० असे जिंकले आणि मी तो सामना शेवटपर्यंत पाहिला, कारण जागलोच होतो.

सकाळी आईला हे सांगितले, तेव्हा ती म्हणाली, की पंचांगात वार सूर्योदयाला बदलतो, मध्यरात्रीला नाही. तुझे साहेब चुकीचे नाहीत, तूच चुकीचे घड्याळ पाहिलेस. हा हिशोब मला आजवर सापडलेला सर्वांत सोपा आहे. बुधवारचा सामना बुधवारीच असतो, फक्त आपला बुधवार गुरुवार उजाडेपर्यंत चालतो असे समजायचे. त्याच दिवशी सर्वपित्री अमावास्या होती. आईने खीर-वड्यांचा स्वयंपाक केला होता, आणि अमावास्येच्या रात्री महत्त्वाचे काही पाहू नये असेही सुचवले. त्या रात्री ७९ व्या मिनिटाला आमच्या जॉन दुरान याने बायर्नचा गोलरक्षक नॉयर याच्या डोक्यावरून लांबून चेंडू जाळ्यात टाकला. निकाल पुन्हा १-०, पुन्हा बायर्न, १९८२ नंतर. मी ओरडलो नाही, कारण घटस्थापनेसाठी आईला पहाटे उठायचे होते. पण खुर्चीवरून उठून स्वयंपाकघरात गेलो आणि तिथे पाण्याचा हंडा उगाच दोनदा झाकला.

लीग कपातला क्रिस्टल पॅलेसचा तो पराभव आपल्याकडे दिवाळीच्या तोंडावर आला. इंग्लंडची घड्याळे तीनच दिवसांपूर्वी मागे गेली होती, त्यामुळे सामना सुरू व्हायला रात्रीचा एक वाजून गेला आणि संपेपर्यंत तीन वाजले. थोड्याच वेळात नरकचतुर्दशीचे अभ्यंगस्नान होते. मी झोपलोच नाही. उटणे लावताना आईने विचारले, की डोळे लाल का आहेत. मी म्हटले, शिकेकाई गेली.

पुढे २९ जानेवारीला आणखी एक अडचण समजली. चॅम्पियन्स लीगच्या नव्या रचनेत ३६ संघ असतात आणि पहिल्या टप्प्याच्या शेवटच्या रात्री १८ सामने एकाच वेळी सुरू होतात, जेणेकरून कोणाला दुसऱ्याचा निकाल पाहून खेळता येऊ नये. अठरा सामने दाखवायला तितक्या वाहिन्या कोणाकडेच नसतात. अशा रात्री वाहिनीवर मोठी नावे जातात, बाकीचे सामने ॲपवर पाहावे लागतात. व्हिला विरुद्ध सेल्टिक मी रात्री दीडपासून मोबाइलवर, पांघरुणात, आवाज बंद करून पाहिला. मॉर्गन रॉजर्सने तीन गोल केले आणि आम्ही ४-२ असे जिंकलो. ॲपवरचे चित्र केबलच्या मागे काही सेकंदे रेंगाळते, म्हणून शेजारच्या घरातून आधीच जल्लोष ऐकू येतो आणि मजा जाते, असे मोठ्या संघांचे चाहते सांगतात. बाणेर-कोरेगाव पार्काकडे त्यांचे जथे हॉटेलांत जमून सामने पाहतात. आमच्या सोसायटीत व्हिलाचा चाहता मी एकटाच असल्यामुळे हा त्रास मला नाही. फक्त निकाल आधीच सांगणाऱ्या सूचना फोनवर बंद कराव्या लागतात.

पॅरिसशी उपांत्यपूर्व फेरीचा दुसरा सामना १५ एप्रिलला झाला, तोवर इंग्लंडची घड्याळे पुढे गेली होती आणि सामना पुन्हा साडेबारावर आला होता. आम्ही तो ३-२ असा जिंकला आणि दोन्ही मिळून ५-४ असे हरलो.

आता भिंतीवरच्या कालनिर्णयात दुधाचे खाडे आणि गॅसच्या टाकीची तारीख यांच्या शेजारी मी पेन्सिलीने सामने लिहून ठेवतो. चौकोनात स्पर्धेचे आद्याक्षर, त्याखाली वाहिनी, त्याखाली आपली वेळ. आणि मध्यरात्रीनंतरचा सामना असेल तर आईच्या नियमाने आदल्याच वारात. प्रीमियर लीगचे हक्क २०२८ पर्यंत पूर्वीच्याच कंपनीकडे राहिले आहेत आणि युरोपातल्या स्पर्धांचे हक्क २०२७ पर्यंत सोनीकडे आहेत, म्हणून त्या दोन वर्षांच्या उन्हाळ्यात पुन्हा शोधाशोध करावी लागेल, असे वहीत लिहिले आहे. ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवाराभोवती मात्र लाल गोल आहे, कारण त्या आठवड्यापासून शनिवारचा सामना साडेसातवरून साडेआठला येतो, आणि साडेआठला आईची मालिका असते. परवा तिने तो गोल पाहून हे काय आहे, असे विचारले. मी सगळे समजावून सांगितले, की तिकडे घड्याळ मागे करतात.

"त्यांनी करावं," आई म्हणाली. "आपलं आहे तिथेच आहे." आणि रिमोट तिने उशीखाली ठेवला.